आक्काचं गरीब बिऱ्हाड

कोल्हापुरात शूटिंगचं आता कुणाला काही वाटत नाही. रस्त्यात जनरेटरची गाडी आडवी दिसली की माणसं शिव्या देत स्कूटर दुसऱ्या बोळातनं काढतात. मिसळीच्या दुकानात एखादी नटी शेजारी येऊन बसली, तर "टीव्हीत जाड दिसतासा की" एवढं तोंडावर सांगून पुन्हा आपल्या कटात पाव बुडवतात. अशा गावात एका बाईनं आमची अख्खी मालिका कित्येक वर्षं आपल्या पदराला बांधून ठेवली होती. पडद्यावर तिचं नाव कधी आलं नाही. आलं असतं तरी कुठल्या खात्यात घालायचं हा प्रश्नच होता. दिग्दर्शक म्हणावं तर आमच्या दिग्दर्शकाला ती रोज रागवायची, आणि लेखक म्हणावं तर लेखक मी होतो. निदान पगार तरी मी घेत होतो.

आम्ही तिला आक्का म्हणायचो. कोल्हापूरला लागूनच गडमुडशिंगीत तिचं कौलारू घर होतं. पुढं सोपा, मधे माजघर, मागं स्वयंपाकघर आणि परसात रिकामा गोठा. नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली, शेत वाट्यानं दिलेलं, एकुलता एक मुलगा बेंगलोरला कॉम्प्युटरच्या कंपनीत. आमची मालिका होती फौंड्रीत राबणाऱ्या एका माणसाच्या कुटुंबाची: बाप, आई, मुलगा आणि सून. या चौघांसाठी घर शोधत आम्ही आक्काच्या दारात उभे राहिलो.

"कुणाची गोष्ट हाय?" आक्कानं विचारलं.

"एका गरीब कुटुंबाची," दिग्दर्शक म्हणाला.

"म्हंजे माझं घर बघून तुमास्नी गरिबी आठवली व्हय?"

दिग्दर्शक पुण्याचा. त्याला दरदरून घाम फुटला. तो घराच्या साधेपणाबद्दल, मातीच्या वासाबद्दल काहीतरी सांगायला लागला. आक्कानं ते सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "असूंदे, असूंदे. पावणं, आत या. पर चपला भाईर." मग माझ्याकडं वळून, "ह्यो कोण?"

"मी लेखक. तुम्ही..."

"तुमी कुणाला म्हणतोस? मी काय मामलेदार हाय?"

त्या दिवसापासून मी तिला अगंतुगं करायला लागलो आणि ती मला नावानं न हाकारता "लेखक" म्हणायला लागली. तिच्या तोंडी तो शब्द "गवंडी" किंवा "न्हावी" म्हणावा तसा यायचा. माझी पात्रताही तेवढीच होती म्हणा. मी मलकापूरचा. मुंबईच्या मीटिंगमध्ये एकदा माझ्या तोंडून "व्हय की" असं निसटलं आणि त्या लोकांनी मला जागच्या जागी संवादलेखक करून टाकलं.

आक्का जैन. तिच्या अटी सरळ होत्या. घरात मटण-अंडं आणायचं नाही. कांदा, लसूण, बटाटा नाही. पाणी गाळून प्यायचं. आणि दिवस मावळल्यावर या घरात कुणी जेवायचं नाही. दिग्दर्शकानं सगळ्याला मान डोलावली. त्याला वाटलं, या अटी युनिटच्या माणसांसाठी आहेत. युनिट काय, बाहेर मांडवात जेवेल.

पहिला रात्रीच्या जेवणाचा सीन लागला तेव्हा उजेड पडला. बाहेर अंधार झालेला, आत दिवे लागलेले, चौघं पाटावर बसलेले. बापानं पहिला घास उचलला आणि मागच्या दारातनं आक्का थेट कॅमेऱ्यासमोर येऊन उभी राहिली.

"हात धुवा," ती बापाला म्हणाली.

"आक्का, ते खरं जेवत नाहीत," दिग्दर्शक म्हणाला. "जेवल्याचं नाटक करताहेत."

"ताटात काय हाय?"

"भात आणि आमटी."

"भात खोटा हाय?"

"नाही, भात खराय."

"आन् त्यो घास तोंडात घालनार हाय का कानात?"

बापानं घास ताटात ठेवून हात धुतले. आक्काशी वाद घालताना हेच व्हायचं. तुम्ही नाटक, कला, कल्पना असं काहीबाही म्हणायला जावं आणि तिनं मधला भात उचलून तुमच्यापुढं धरावा. तेव्हापासून आमचं कुटुंब दिवसाउजेडी जेवायला लागलं. मग त्याला कारण हवं, म्हणून मी लिहिलं की बापाला पहाटेची पाळी असते, त्यामुळं घर लवकर जेवतं. पुढं कुठल्याशा कार्यक्रमात आहारावर बोलणाऱ्या एका डॉक्टरीणबाईंनी आमच्या कुटुंबाचं भरभरून कौतुक केलं. चॅनलनं त्याची जाहिरात केली. दिग्दर्शकानं मुलाखतीत सांगितलं की हा विचार त्याच्या मनात पहिल्यापासून होता.

मटणाचं जास्त अवघड गेलं. कोल्हापूरचं घर आणि रविवारी रस्सा नाही, हे इथल्या माणसाला पचेना. मला भर रस्त्यात अडवून लोक विचारायचे, "काय ओ लेखक, त्या म्हाताऱ्याला एक दिस तरी पांढरा रस्सा पाजा की. वाळून चाललाय." शेवटी मी म्हाताऱ्याला, म्हणजे कथेतल्या बापाला, नृसिंहवाडीला नेलं, दत्तासमोर उभं केलं आणि त्याच्याकडून मटण सोडवलं. प्रेक्षक रडले. म्हाताऱ्याचं काम करणारा नट संध्याकाळी गावात जाऊन दोन ताटं तांबडा-पांढरा चापून आला, ते वेगळं.

आक्का नटांना त्यांच्या नावानं ओळखायचीच नाही. बाप तिच्यासाठी बाप, सून ती सून. त्यातल्या त्यात हाल व्हायचे ते चुलत्याचे. बापाचा हा चुलतभाऊ म्हणजे आमच्या मालिकेतला कपटी माणूस. काम करणारा नट इतका गरीब स्वभावाचा, की डास मारतानाही इकडंतिकडं बघायचा. पण आक्का त्याला सोप्यात बसू द्यायची नाही. त्याचा चहा फाटकापाशी दगडावर जायचा. मधे एकदा कथेत चुलत्याला उपरती झाली. त्या आठवड्यात आक्कानं त्याला आत बोलावलं, पाट दिला, उप्पीट वाढलं. बिचारा दोन घास खातोय तोवर माझ्या सहायकानं आक्काला सांगितलं की ही उपरती खोटी आहे, पुढच्या भागात तो घराचे कागद चोरणार आहे. आक्का उठली आणि त्याच्यासमोरची बशी उचलून आत घेऊन गेली. चमचा तेवढा त्याच्या हातात राहिला.

सुनेचं मात्र उलटं. ती मुलगी नागपूरची, अंगानं काडी, आणि सारखी "डाएट" करणारी. आक्काला हा शब्द कळायचा नाही आणि कळून घ्यायचाही नव्हता. "जेवलीस का गं?" हा तिचा तिला पहिला प्रश्न असायचा. शॉट चालू असला तरी. आमच्या कितीतरी भागांच्या मूळ ध्वनिमुद्रणात नवरा-बायकोच्या हळव्या बोलण्यामागं आक्काचा "जेवलीस का गं?" ऐकू येतो. मुंबईचे ध्वनिवाले तो पुसून पुसून दमले.

आणि हो, एक सांगायचं राहिलं. आमच्याकडच्या बायका "मी आलो, मी जेवलो" असंच बोलतात. आक्काही तशीच बोलायची. पुण्याच्या दिग्दर्शकाला पहिल्या दिवशी वाटलं, बाई जरा हुकलेली आहे. हुकलेली होतीच, पण त्यापायी नव्हे.

मालिका सुरुवातीला अगदी जमिनीवर होती. कौल फुटलं, तर ते बदलायचं कसं यावर आमचा आठवडा निघायचा. मुलाची नोकरी गेली, आईचा चष्मा मोडला, फौंड्रीत बापाचा हात भाजला. लोक बघत होते. मग कुठं काय बदललं कोण जाणे, पण मुंबईहून चॅनलच्या मॅडम आल्या आणि म्हणाल्या, "आता यांची थोडी प्रगती होऊ द्या."

तिथून आक्काचा धर्म फार कडक झाला.

पहिली प्रगती म्हणजे सुनेचा धंदा. कोल्हापूरची सून काय विकणार? कांदा-लसूण मसाला. मी झकास लिहिलं होतं. कांडप यंत्र, लाल तिखटाचा ठसका, सगळं. आक्कानं दारातच हात आडवा केला. कांदा नाही, लसूण नाही. मग सुनेला उडदाचे पापड करायला लावले. तेही आक्काच्याच देखरेखीखाली. ती सुनेला पीठ कुटायला लावायची आणि म्हणायची, "घट्ट व्हायला पायजे, गं. असल्या मऊ पिठाचं पापड कुनी इकत घील व्हय?" खरं तर पापड बिघडले तर तिला बरंच वाटायचं, हे माझ्या ध्यानात यायला वेळ लागला.

मग मुलानं जुनी मोटरसायकल घेतली. आक्का म्हणाली, दारात गाडी लावायची नाही, माझी कर्दळ मोडते. कुटुंबानं सोफा घेतला. सोफा दारातनं आत जाईना, कारण नेमकी त्याच सकाळी आक्कानं दाराच्या आतल्या बाजूला ज्वारीची कणगी आणून ठेवली होती. मग आम्ही ठरवलं, बापाला लॉटरी लागते. आक्का सोप्यात मांडी ठोकून बसली. "जुगार हाय त्यो. सात येसनं सांगितल्यात आमच्यात, त्यातलं पयलं. माझ्या घरात जुगाराचा पैसा यायचा न्हाय." दिग्दर्शक म्हणाला, पैसा खोटा आहे. आक्कानं त्याच्याकडं नुसतं बघितलं. त्याला भात आठवला असावा. लॉटरी रद्द झाली.

चॅनलच्या मॅडमना आणखी एक गोष्ट खुपत होती. आक्काच्या घराला जिना नव्हता. माळ्यावर जायला एक शिडी, बस्स. "खलनायिका आणायची तर ती उतरणार कुठून?" मॅडमनी विचारलं. खलनायिका शिडीवरून उतरवून बघितली. भरजरी साडी नेसलेली बाई पाठमोरी, एकेक पायरी चाचपत खाली येतेय, हे बघून कॅमेरामनसुद्धा हसला. आक्का तर खांबाला टेकून डोळे पुसत होती. "तिला म्हणावं, आल्यासारखी वरची तुरीची पाटी तरी घिऊन ये."

एका दुपारी जेवणाच्या सुट्टीत मी मागच्या दारी बसलो होतो. आक्का सुपात तांदूळ निवडत होती. मी तिला चिडवायला म्हटलं, "आक्का, तुझा धर्म त्या चौघांच्या अंगावर दोन पैसे दिसले की बरा जागा होतो."

ती हसली नाही. सूप खाली ठेवून म्हणाली, "तुला म्हणून सांगतो लेखक. भाईर बोललास तर तंगडं मोडीन."

"नाही बोलत."

"माझ्या ल्योकानं घर इकायचं ठरीवलंय. घेनारा बी तयार हाय, शेजारचाच. हितं बिल्डिंग बांधनार म्हनं. मी न्हाय म्हनलो, तर ल्योक म्हनला, एकटी एवढ्या मोठ्या घरात रातचं पडलीस-बिडलीस तर कोण बघनार? ते बी खोटं न्हाय त्याचं. मग तुमी आलासा. म्हनला, बरं, माणसं हाईत घरात तवर ऱ्हा. शूटिंग गेलं की मला न्हेनार बेंगलोरला."

"मग?"

"मग काय मग? ही गरीब हाईत तवर हितं हाईत. पैसं आलं की कौलाच्या घरात कशाला ऱ्हातील? बंगल्यात जातील की. मला काय कळत न्हाय व्हय?" तिनं सूप पुन्हा उचललं. "गरीबच ऱ्हाऊ द्या की रं त्यास्नी. काय वाईट चाललंय त्यांचं?"

मला भडभडून आलं, आणि हसूही येत होतं. जगात कुणी एका कुटुंबाची गरिबी इतक्या मायेनं सांभाळली नसेल.

त्यानंतर मी आक्काच्या बाजूचा झालो. पापडाच्या ऑर्डरी वाढायला लागल्या की मीटिंगमध्ये मी हळूच म्हणायचो, "एखादं संकट आणूया का?" संकट म्हटलं की चॅनलवाल्यांचे डोळे चमकतात. मग पापड करपायचे, मुलाचा साहेब फिरायचा, चुलता कोर्टात जायचा. एकदा तर कुटुंबाची परिस्थिती इतकी सुधारत आली होती, की मला आईच्या पोटात खडे करावे लागले. आक्का मॉनिटरशेजारी स्टुलावर बसून हे बघायची आणि डोळ्याला पदर लावून समाधानानं रडायची. "लई भोगायलीत बघ बिचारी," असं म्हणून माझ्यापुढं शेंगदाण्याचा लाडू ठेवायची. गावातल्या बायका मला विचारायच्या, "त्यांची साडेसाती कवा संपनार?" मी शनीकडं बोट दाखवून मोकळा व्हायचो.

पण असं किती ताणणार? एक दिवस मॅडमचा फोन आला. "प्रेक्षकांना आता गरिबी बघवत नाही. ती घरी असतेच. आपण लीप घेऊया." लीप म्हणजे मधली काही वर्षं गाळून टाकायची. सुनेच्या पापडांचा कारखाना झालेला, बापाच्या अंगावर जाकीट, आणि शहराबाहेर बंगला. जिना असलेला. मी संकटं सुचवून बघितली. मॅडम म्हणाल्या, "संकटं तिकडंही येतील. फक्त एसीत येतील."

आक्काला हे मीच सांगितलं. ती पुढं शूटिंग संपेपर्यंत माझ्याशी बोललीच नाही. माझा चहा फाटकापाशी दगडावर, चुलत्याच्या शेजारी यायला लागला. तो बिचारा सरकून मला जागा करून द्यायचा.

शेवटचा सीन होता कुटुंब घर सोडून निघतं तो. चौघं उंबऱ्याशी वाकतात, सून शेवटचं एकदा घराकडं बघते, बास. कॅमेरा चालू झाला, चौघं वाकले, आणि आतल्या दारातनं आक्का बाहेर आली. ठेवणीतलं इरकल नेसली होती. हातात सूप, सुपात तांदूळ, नारळ, खण. दिग्दर्शकाचा हात "कट" म्हणायला वर गेला होता, तो तसाच राहिला.

आक्का सुनेसमोर जाऊन उभी राहिली आणि तिथं मात्र थबकली. मागं बघ्यांच्यातली एक म्हातारी दुसरीला म्हणाली, "आगं, तिला न्हवरा कुटं हाय? ती कशी वटी भरनार?" ते सगळ्यांना ऐकू गेलं. आक्कालाही गेलं. सूप घेतलेले तिचे हात खाली यायला लागले.

नागपूरच्या त्या पोरीनं दोन्ही हातांनी पदर पसरला आणि म्हणाली, "भरा, आक्का."

आक्कानं ओटी भरली. थोडे तांदूळ उंबऱ्यावर सांडले. मग तिनं बापाकडं बघितलं आणि नेहमीच्या चढ्या आवाजात म्हणाली, "चला, निघा आता. मागं वळून बघायचं न्हाय. ह्या पोरीचं तितं सगळं बरं व्हनार हाय." सून खरंच रडत होती, बापाचं काम करणाऱ्या नटाला संवाद आठवेना, तो नुसताच हात जोडून उभा राहिला. ते सगळं तसंच दाखवलं गेलं. आमच्या मालिकेचा तेवढ्या लोकांनी बघितलेला भाग पुन्हा झाला नाही.

सामान भरताना मी आक्काजवळ गेलो. "एवढी वर्षं त्यांना खाली ओढत होतीस, आणि आज ओटी भरलीस?"

"आता चाललीच हाईत तर रडत कशाला लावायची?" ती म्हणाली. अबोला संपला होता. "माझा ल्योक पयल्यांदा बेंगलोरला चालला, तवा म्या काय पाय धरून बसलो व्हय?"

बंगल्यात आमचं कुटुंब काही रमलं नाही, आणि प्रेक्षक तर मुळीच नाही. चौघं जण चार खोल्यांत बसायचे आणि एकमेकांना फोन करायचे. खलनायिका जिन्यावरून मनसोक्त उतरली, पण तिला बघायला खाली कोण होतं? बापाच्या जाकिटाचा तर लोकांना रागच आला. थोड्या महिन्यांत मॅडमचा पुन्हा फोन आला. "आपलं चुकलं. आपण मुळाकडं जाऊया. ते सगळं गमावतात आणि जुन्या घरी परत येतात. ते घर मिळेल ना?"

मी फोनवरच नाचायचा बाकी राहिलो होतो. आक्काचं घर अजून विकलं नव्हतं. मुलगा दिवाळीला येऊन व्यवहार करणार होता. प्रॉडक्शनच्या माणसाला घेऊन मी नृसिंहवाडीचे पेढे बांधून गडमुडशिंगीला गेलो. वाटेत मी त्याला सांगत होतो, "म्हातारी उडी मारेल बघ."

आक्कानं पेढा हातात घेतला, पण तोंडात टाकला नाही. "कशी येनार परत?" तिनं विचारलं.

मी रंगवून सांगितलं. चुलता कारखाना लुबाडतो, बंगल्यावर जप्ती येते, सून अंगावरचं सोनं विकते आणि चौघं एका पिशवीनिशी या उंबऱ्यावर येऊन उभे राहतात. सांगता सांगता माझाच आवाज भरून आला. धंद्याचा परिणाम.

"न्हाय," आक्का म्हणाली.

"काय न्हाय?"

"माझ्या उंबऱ्यावर न्हाय."

"आक्का, अगं, तुझं घर राहतंय. मुलाला सांग, शूटिंग परत आलं. तुला हेच हवं होतं ना?"

"व्हय. हेच पायजे हुतं." तिनं पेढा परत पुड्यात ठेवला. "लेखक, धनी गेल्यापासनं मला कुनी वटी भराय बोलवलं न्हवतं. भावाच्या लेकीच्या लग्नात बी मागं बसलो मी. त्या पोरीनं चारचौघांत पदर पसरला. आन् म्या भरली."

"ते सीनमध्ये, आक्का."

"तांदूळ खोटं हुतं?"

प्रॉडक्शनचा माणूस माझ्याकडं बघायला लागला.

"ती पोर तीच वटी घिऊन गेली," आक्का म्हणाली, "आन् आता सगळं घालवून त्याच उंबऱ्यावर आली, तर लोक काय म्हनतील? रांडावलेल्या बाईनं वटी भरली, म्हनून वाटोळं झालं पोरीचं. साऱ्या म्हाराष्ट्रानं बघितलंय मला भरताना. तुमी तिचं काय बी करा. तुमचा धंदा हाय. पर माझ्या दारात न्हाय."

"मग तुला बेंगलोरला जावं लागेल."

"जातो की." हे तिनं अगदी सहज म्हटलं, पण म्हणताना हात जमिनीवरून फिरवत होती, सारवलेलं वाळलं का बघावं तसा. मला तिच्यापुढं बसवेना. आम्ही उठलो. दारापर्यंत येऊन ती म्हणाली, "दुसरं घर बघशील तर निस्तं घर बघू नगंस. आत बाई कसली हाय ते बघ. पोरीला जेवलीस का म्हनून इचारनारी पायजे कुनीतरी."

घर दुसरं मिळालं. कौलारू, बरंचसं तसंच. मालक शहरात राहतात, कशालाच हरकत घेत नाहीत. तिथं आमचं कुटुंब सगळं गमावून परत आलं, आणि लोकही परत आले. दिवाळीनंतर आक्का बेंगलोरला गेली. गडमुडशिंगीच्या त्या जागेवर आता पत्रे ठोकलेत, पलीकडं काय चाललंय ते दिसत नाही.

मधेच कधीतरी तिचा फोन येतो. आवाज तसाच, फोन कानापासून लांब धरावा लागतो. लिफ्टची भीती वाटते म्हणते, नातू इंग्रजीत हसतो म्हणते, आणि मग विचारते, "आपली मानसं कशी हाईत?" मुलाकडं मराठी चॅनल दिसत नाही, असं तिनंच मला पहिल्या फोनला सांगितलं होतं. त्यामुळं मी बिनधास्त खोटं बोलतो. बरी आहेत म्हणतो. कारखाना परत मिळाला म्हणतो. खोटं लिहिण्याचे मला पैसे मिळतात, हे एवढं मी फुकटात करतो.

परवा संध्याकाळी असाच फोन आला.

"सून कशी हाय?"

"मजेत आहे, आक्का. परवाच नवी गाडी घेतली तिनं."

ती गप्प झाली, आणि त्या गप्पपणात मला तिच्या मागं चालू असलेला टीव्ही ऐकू आला. आमच्या मालिकेचं शीर्षकगीत लागलं होतं. घड्याळात बघितलं, वेळही तीच होती. म्हणजे आक्का रोज बघत होती. सगळं बघत होती. या आठवड्यात सून लोकांच्या घरी धुणंभांडी करतेय, हे मीच लिहिलं होतं, आणि आता ते तिच्यासमोर लागणार होतं.

तिकडं गीत संपलं आणि तिनं आवाज बारीक केला.

"गाडी कसली घेतली म्हनलास?"

"पांढरी," मी म्हटलं.

"बरं झालं," आक्का म्हणाली. "तिला म्हनावं, हळू चालीव."